उसाला तोड नाही! शब्दांच्या कोट्या चालतात कशा?

"यंदा आमच्या उसाला तोड नाही."

डिसेंबर-जानेवारीत वाळवा, पलूस किंवा कराडच्या बाजूला चहाच्या टपरीवर कुणी हे वाक्य टाकलं, तर पुण्याहून आलेला पाहुणा कौतुकानं मान डोलावतो. त्याला वाटतं, पीक जोरात दिसतंय, बरोबरी करणारं दुसरं कुणाचं नाही. बाकड्यावरचा म्हातारा मात्र खुदकन हसतो आणि विचारतो, "नोंद कुठल्या कारखान्याला हाय?" त्याच्या कानावर वेगळंच वाक्य पडलेलं असतं. ऊस उभा आहे, नोंद कधीच झाली, पण तोडकऱ्यांची टोळी अजून बांधावर आलेली नाही. मुकादम फोन उचलत नाही, तोडीच्या चिठ्ठ्या देणारा कारखान्याचा चिटबॉय "उद्या बघू" म्हणतो, उसाला तुरे फुटायला लागलेत आणि वजन घटत चाललंय.

वाक्य एकच, काना-मात्रेचाही फरक नाही. तरी एकाला त्यात बढाई ऐकू आली आणि दुसऱ्याला रडगाणं. 'तोड' म्हणजे बरोबरीचं काही, आणि 'तोड' म्हणजे ऊसतोडणी. व्याकरणाच्या पुस्तकात याला श्लेष म्हणतात, बोलण्यात आपण कोटी म्हणतो. एका शब्दाला दोन अर्थ असले की झाली कोटी, इतकी ही गोष्ट सोपी नाही. तसं असतं तर शब्दकोश उघडून वाचत बसलं तरी हसू आलं असतं.

आधी या वाक्याची थोडी चिरफाड करू. 'तोड'च्या जागी 'जोड' घाला. उसाला जोड नाही. बढाई शिल्लक राहिली, विनोद गेला. 'तोडणी' घाला. तक्रार शिल्लक राहिली, विनोद पुन्हा गेला. ही अदलाबदलीची कसोटी आपल्याकडं फार जुनी आहे. संस्कृतातल्या साहित्यशास्त्रकारांनी ती बारकाईनं मांडलेली आहे: शब्द बदलून त्याच अर्थाचा दुसरा शब्द घातल्यावर गंमत मेली, तर ती गंमत शब्दाची, टिकली तर अर्थाची. बायकोला घाबरणाऱ्या पैलवानाचा किस्सा तुम्ही कुठल्याही शब्दांत सांगा, चालतो. कोटीला तेवढी मोकळीक नाही, तिचा जीव त्या एका शब्दात असतो.

आता वाक्य तेच ठेवा, फक्त टोळीची गोष्ट त्याच्या आधी सांगून टाका. "कारखान्याची टोळी आलीच नाही, त्यामुळं यंदा आमच्या उसाला तोड नाही." कुणी हसणार नाही. टोळीचा उल्लेख आधी आल्यामुळं 'तोड' म्हटल्यावर तोडणीच डोक्यात येते, बढाईचा अर्थ जवळही फिरकत नाही. म्हणजे कोटी करणाऱ्याचं खरं काम दोन अर्थांचा शब्द शोधणं एवढंच नसतं. कुठली माहिती किती वेळ झाकून ठेवायची, हे त्याला कळावं लागतं. टपरीवरच्या शेतकऱ्यानं टोळीचं नावच घेतलं नाही. ते म्हाताऱ्याला माहीत होतं, पाहुण्याला नव्हतं.

कान दोन्ही अर्थ ऐकतो

आपल्याला वाटतं की संदर्भ कळला की डोकं थेट योग्य अर्थावर जातं. १९७९ साली डेव्हिड स्विनी या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानं एक प्रयोग प्रसिद्ध केला, त्यातून वेगळंच चित्र दिसलं. इंग्रजीत 'बग' म्हणजे किडा आणि 'बग' म्हणजे चोरून बोलणं ऐकायचं यंत्रही. त्यानं लोकांना कानाला हेडफोन लावून एक मजकूर ऐकवला: एका माणसाला खोलीच्या कोपऱ्यात कोळी, झुरळं आणि इतर 'बग' सापडले. इथं किडाच अभिप्रेत आहे, शंकेला जागा नाही. पण 'बग' हा शब्द कानावर पडताक्षणी पडद्यावर एखादा शब्द झळकवला आणि 'हा खरा शब्द आहे की नुसती अक्षरं' एवढंच विचारलं, तर लोक 'मुंगी' इतक्याच चटकन 'हेर' हा शब्दही ओळखत होते. म्हणजे कोळी-झुरळांच्या गर्दीतही चोरून ऐकण्याचा अर्थ क्षणभर जागा झाला होता. तीन अक्षरं पुढं गेल्यावर तपासलं, तर फक्त किडा उरला होता.

थोडक्यात, दोन्ही अर्थ उठतात, आणि नको असलेला सेकंदाच्या आत गुपचूप झोपवला जातो. आपल्याला त्याचा पत्ताही लागत नाही. दिवसभर आपण असे शेकडो अर्थ झोपवत असतो. 'पान' म्हटलं की झाडाचं पान, पुस्तकाचं पान, जेवणाचं पान आणि पानपट्टीवरचं पान अशी सगळीच हलत असणार, पण "दादा, पान वाढलंय" ऐकून कुणी चुना शोधत नाही. कोटी करणारा काय करतो, तर झोपवलेल्या अर्थाला हाक मारतो. तो आत्ताच डोळा लागलेला असल्यामुळं लगेच उठतो. त्या हाकेला उशीर झाला की विनोद पडतो, आणि "कळलं का, म्हणजे तोड म्हणजे…" असं समजावत बसायची पाळी येते.

कुठला अर्थ आधी आणि जोरात उठणार, हे ज्याच्या-त्याच्या सवयीवर असतं. रोज जो अर्थ वापरात, तो पुढं. पाहुण्याच्या रोजच्या बोलण्यात ऊसतोड नाही, म्हणून त्याला बढाईच ऐकू आली. याचं सगळ्यात झणझणीत उदाहरण आपल्या भागानं २०२० साली पाहिलं. आमच्याकडं ऊस लावण्याला 'लागण' म्हणतात. आडसाली लागण जुलै-ऑगस्टची. "लागण झाली का?" हा "जेवण झालं का?" इतकाच साधा प्रश्न. मार्चमध्ये कोरोनामुळं इस्लामपूरचं नाव रोज बातम्यांत यायला लागलं आणि त्या एका शब्दातला मागचा अर्थ धाडकन पुढं आला. पावसाळ्यात कुणी "आमच्यात परवाच लागण झाली, चार एकर" असं फोनवर सांगितलं की मुंबईतल्या चुलत्याच्या काळजात 'लागण' या शब्दाला धस्स व्हायचं आणि 'चार एकर'ला जीव भांड्यात पडायचा. शब्दकोशात काही बदललं नव्हतं. लोकांच्या डोक्यातली रांग तेवढी बदलली होती.

लहान मुलांना कोट्या उशिरा कळतात, त्याचंही कारण इथंच आहे. शब्द म्हणजे ती वस्तूच, असं बारकी पोरं धरून चालतात. शब्द हीच एक वेगळी वस्तू आहे, तिच्याशी खेळता येतं, हे साधारण पहिली-दुसरीच्या वयात उमगायला लागतं. मग मात्र महिनाभर घरात कुणाची सुटका नसते.

एका शब्दाच्या पोटात किती

दोन अर्थ दोन वाटांनी येतात. कधी एकाच शब्दाला फांद्या फुटतात, तर कधी मुळात वेगळे असलेले शब्द झिजत झिजत एकसारखे होतात. झाडाचं 'पान' संस्कृतातल्या 'पर्ण'वरून आलं, 'मद्यपान'मधलं 'पान' पिण्यावरून. दोघांचा नातेसंबंध काही नाही, योगायोगानं दोघं एकाच नावाचे झाले.

फांद्या बघायच्या तर 'उतारा' घ्या. सातबाऱ्याचा उतारा, साखरेचा उतारा, विषावरचा उतारा, मराठीच्या पेपरातला उतारा, आणि तिकटीवर लिंबू-भात ठेवलेला तो ओलांडू नये असा उतारा. पाचही 'उतरणं' नाही तर 'उतरवणं' यातूनच आलेले आहेत: कुठं नक्कल उतरवून घेतली, कुठं उसातून साखर उतरली, कुठं विष उतरलं, कुठं दृष्ट उतरवून टाकली. ज्या तालुक्यात जमीन, साखर आणि भुतंखेतं तिन्ही आहेत, तिथं हा शब्द म्हणजे कोटीबाजाला सोन्याची खाण. "तलाठ्याकडं हेलपाटे घालून दमलो, उतारा काय मिळंना. शेवटी अमावस्येला तिकटीवर मिळाला." हा माझाच आहे, तेव्हा आवडला नाही तरी चालेल. पण तो कसा बनलाय ते बघा. 'उतारा' एकदाच आलाय. दुसऱ्या वाक्यात तो शब्द नाहीच, फक्त 'मिळाला' आहे. अर्थ बदलला तो 'अमावस्या' आणि 'तिकटी'नं. शब्द दुसऱ्यांदा उच्चारला असता, तर ऐकणाऱ्याला करायला काम उरलं नसतं.

हाच डाव हळदीवर जास्त चांगला बसतो, कारण तिथं दुखणंही खरं आहे. सांगलीच्या हळदीला २०१८ साली भौगोलिक मानांकन मिळालं. हळदीची पोती घरात थप्पीला असलेला एखादा बागायतदार म्हणतो, "घरात हळद पन्नास पोती हाय, पण पोराला लागंना." बाजारातली हळद आणि लग्नातली हळद. शेती करणाऱ्या पोराला मुलगी द्यायला कुणी तयार नाही, हे गावोगावचं दुखणं एका क्रियापदात आलं. ऐकणारे हसतात आणि मग कुणीतरी म्हणतं, "तिकडं माझ्या मेव्हणीची एक हाय, विचारून बघतो." इतका कामाचा विनोद क्वचित असतो.

आता याच्या शेजारी दुसरी एक कोटी ठेवा: "आटपाडीची गाडी लागली, आटपा!" किंवा "विट्यात राहून वीट आला." यावर जे होतं त्याला हसणं म्हणत नाहीत. लोक "आई गं" करतात, कपाळाला हात लावतात, एखादा चप्पल उचलल्याचं नाटक करतो. का बरं? आवाज तर इथंही जुळलाय, उलट जास्तच. माझ्या मते कारण एवढंच की दुसऱ्या अर्थाला सांगायला काही नाही. आटपाडीचा आणि घाईचा संबंध काय? काही नाही. विट्याची माणसं कंटाळवाणी आहेत का? मुळीच नाही. 'उसाला तोड नाही'मध्ये मात्र दोन्ही अर्थ एकाच वेळी खरे असू शकतात: पीक खरंच झकास आहे आणि म्हणूनच ते वाळताना बघवत नाही. इमॅन्युएल कांट या जर्मन तत्त्ववेत्त्यानं १७९० मध्ये लिहिलं होतं की ताणून धरलेल्या अपेक्षेचं एकाएकी काहीच न उरणं म्हणजे हसू. आटपाडीच्या कोटीला हे चपखल लागू पडतं, तिथं खरंच काही उरत नाही. चांगल्या कोटीत मात्र अपेक्षा मोडून उलट जास्तच हाती लागतं. कांटसाहेबांना ऊस माहीत नव्हता.

चुगली करणारं व्याकरण

मराठीत कोटी करणं अवघड आहे, इंग्रजीपेक्षा तर नक्कीच. कारण आपलं व्याकरण चुगलखोर आहे. नामाला लिंग आहे, क्रियापद त्या लिंगाप्रमाणं वळतं, विभक्ती लावली की शब्दाचं सामान्यरूप बदलतं. तुम्ही दोन अर्थ झाकून ठेवता आणि वाक्याची शेपटी येऊन सगळं सांगून टाकते.

कृष्णाकाठचंच उदाहरण घेऊ. 'नाव' म्हणजे होडी आणि 'नाव' म्हणजे घराण्याची अब्रू. दोन्ही बुडतात. आता "पाटलांची नाव…" इतकंच म्हणा, लगेच कळतं की होडी, कारण अब्रू असती तर 'पाटलांचं नाव' झालं असतं. "नाव बुडाली" म्हणजे घाटावर पळा, "नाव बुडालं" म्हणजे पोरानं काहीतरी करून ठेवलंय. इथं कोटी करायची तर 'पाटलांचं' हा शब्दही टाळावा लागतो आणि 'बुडालं' हाही. "त्या पुरात सगळी दौलत राहिली, गेलं ते नुसतं…" नाही जमत, 'गेलं ते'नं आधीच सांगितलं. जमवायचंच तर क्रियापद भविष्यकाळात न्यायचं: "असंच चाललं तर एक दिवस नाव बुडेल." भविष्यकाळात 'बुडेल' दोन्हीला तेच. होडी वल्हवणाऱ्याला एक अर्थ, काठावर बसलेल्या त्याच्या बापाला दुसरा.

यात एक मजेची गोष्ट अशी की जुन्या लिखाणात हा घोळ कमी होता. नाव-गाव यातलं 'नांव' अनुस्वार देऊन लिहायचे, होडी बिनटिंबाची. १९६२ च्या शुद्धलेखनाच्या नियमांनी उच्चारात नसलेले असे अनुस्वार काढून टाकले. शाळेतल्या पोरांचे मार्क वाचले आणि कागदावरच्या कोट्यांना एक जागा वाढली.

'हार'चंही तसंच. फुलांचा तो हार, निवडणुकीतली ती हार. "हार पडला" आणि "हार पत्करली" यात गोंधळ व्हायचा प्रश्नच नाही. पण वर्तमानपत्राच्या मथळ्यात क्रियापद गाळायची रीत आहे. "साहेबांना पुन्हा हार" असा मथळा छापला, की कार्यकर्ते फोटो शोधतात आणि विरोधक पेढे. चुगली करणारा शेवटचा शब्द गायब, म्हणून कोटी जगली. फलक, मथळे, रिक्षाच्या पाठीवरची वाक्यं यांत कोट्या जास्त दिसतात, त्याचं एक कारण हे आहे.

सामान्यरूप तर आणखी कडक. उसाचं 'खोड' आणि माणसाची 'खोड'. नुसतं उच्चारलं तर एकच. पण 'ला' लावा: खोडाला कीड लागते, खोडीला औषध नसतं. विटा या गावाची आणि भाजलेल्या विटांची तीच गत. "पुढं काय, विटा?" असं एसटीत विचारलं तर ट्रॉलीवाला आणि कंडक्टर दोघंही "हो" म्हणतील. पण "विट्याला जायचंय" म्हटलं की गावच, "विटांना भाव काय" म्हटलं की भट्टीच. आणि इथंच 'उसाला तोड नाही'ची ताकद कळते. दोन्ही 'तोड' स्त्रीलिंगी, दोघींची रूपं सारखी, क्रियापद एकच चालतं. व्याकरणाला चुगली करायला जागाच नाही. असे शब्द फार थोडे, त्यामुळं सापडला की शेतकरी तो वर्षानुवर्षं वापरतो.

परभाषेतून आलेले शब्द नवे घोळ घालतात. डोक्यावरचे 'केस' आणि कोर्टातली 'केस'. "वकीलसाहेबांकडं आता एकही केस उरली नाही" हे बोलून दाखवलं तर 'उरली'नं कोर्ट ठरवून टाकलं. टक्कल हवं असेल तर 'उरला नाही' म्हणावं लागेल, मग कोर्ट गेलं. इथंही भविष्यकाळ कामाला येतो: "असंच चाललं तर वकीलसाहेबांकडं एकही केस राहणार नाही."

एक चुगली तोंडाची असते. 'चार' हा आकडा आणि गुरं 'चार' ही आज्ञा. लिहिताना एकच अक्षरं, बोलताना 'च' वेगळा. सासऱ्यानं जावयाला मोबाइलवर "म्हशी चार" एवढंच लिहून पाठवलं, तर जावई कामाला लागेल की हुंड्याच्या आशेनं खूश होईल, सांगता येत नाही. फोन करून बोलले असते तर घोळच नव्हता. उलट 'दिन' आणि 'दीन' लिहिताना वेगळे, बोलण्यात बहुतेकांचे सारखेच.

शब्द कुठं तोडायचा, यावरही कोटी उभी राहते. याला सभंग श्लेष म्हणतात, आणि मराठीतलं त्याचं सगळ्यात सुंदर उदाहरण रघुनाथ पंडितांच्या नल-दमयंतीच्या आख्यानात आहे. नळराजाच्या विरहानं दमयंती तळमळतेय, गार उपचार चालू आहेत, ती शुद्धीवर येते आणि म्हणते, "औषध नलगे मजला." आईला ऐकू येतं 'न लगे', औषध नको. ती 'बरे' म्हणून मान डोलावते. मैत्रिणीला ऐकू येतं 'नल, गे', अगं, माझं औषध म्हणजे नल. आईसमोर उभं राहून, आईलाच उत्तर देऊन, मैत्रिणीला निरोप पोचवला. दोन्ही अर्थ खरे आहेत, हेही लक्षात घ्या. तिला औषध खरंच नको आहे.

वाक्प्रचारांची कोटी जरा वेगळी. तिथं शब्दाला दोन अर्थ नसतात, सबंध वाक्प्रचार झिजून गुळगुळीत झालेला असतो आणि कुणीतरी तो शब्दशः घेतो. 'पाण्यात पाहणे' म्हणजे द्वेष करणे. ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णेचं पाणी सांगलीत आयर्विन पुलापाशी ५७ फुटांवर गेलं, जिथं धोक्याची पातळी ४५ आहे. त्यानंतर "आमच्या गल्लीत सगळ्यांनी सगळ्यांना पाण्यात बघितलंय" या वाक्यात द्वेषाचा लवलेश नसतो, उलट एकमेकांना गच्चीवरून दूध-बिस्किटं पोचवल्याची आठवण असते. तसंच 'पेव फुटणे'. क्लासेसचं पेव फुटलं, मोबाइलच्या दुकानांचं पेव फुटलं, असं सगळा महाराष्ट्र म्हणतो. खरं पेव, म्हणजे जमिनीखालचं कोठार, किती जणांनी पाहिलंय? सांगलीजवळच्या हरिपूरला हळद साठवायची अशी पेवं होती आणि २००५ च्या महापुरात त्यांत पाणी शिरून मोठं नुकसान झालं. तिथल्या जुन्या व्यापाऱ्यापुढं "हल्ली पेव फुटलंय" म्हणताना जीभ जरा अडखळते.

मी कुठं तसं म्हणालो?

आता 'डबल मीनिंग'. हे दोन शब्द मराठीत आले ते एकाच अर्थानं, चावट. गंमत बघा, दुहेरी अर्थाच्या विनोदाला आपण दिलेल्या नावाला मात्र एकच अर्थ उरला.

चावट कोटीचं यंत्र तेच आहे, पण तिच्यात एक सोय जादा असते: नामानिराळं राहायची. तमाशाच्या बतावणीत सोंगाड्या एखादं निरागस वाक्य बोलतो. फडात शिट्ट्या वाजतात. तो भोळा चेहरा करून विचारतो, "हसताय का? मी वांग्याचं बोलतोय." दुसरा अर्थ त्यानं उच्चारलेलाच नाही, तो ऐकणाऱ्याच्या डोक्यात तयार झाला. पाप प्रेक्षकाच्या पदरात. वाळव्याकडच्या रेठरे हरणाक्षच्या पठ्ठे बापूरावांपासून ही परंपरा आपल्याच मातीतली आहे. कवलापूरच्या काळू-बाळूंनी तर त्याच्या पुढची पायरी गाठली. ते जुळे भाऊ. शब्दाला दोन अर्थ असतात, इथं एका चेहऱ्याला दोन माणसं होती, आणि समोरचा कोण हे ठरवता न आलेल्या प्रेक्षकाची पुरेवाट व्हायची. वांग्याची गरजच पडायची नाही.

बहुतेक चावट कोट्या मला कंटाळवाण्या वाटतात, सोवळेपणामुळं नव्हे. त्यांचा दुसरा अर्थ दर वेळी तोच असतो. तिसऱ्या वाक्याला प्रेक्षक आधीच तिथं जाऊन बसलेला असतो, मग त्याला चकवणार कसं?

नामानिराळं राहायची ही सोय मोठ्या कामालाही येते. ५ नोव्हेंबर १८४३ ला विष्णुदास भाव्यांनी सांगलीत 'सीतास्वयंवर' केलं, त्या गावात कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर १८७२ साली जन्मले. १९०७ मध्ये त्यांचं 'कीचकवध' रंगभूमीवर आलं. वरवर महाभारतातली गोष्ट: विराटाच्या दरबारात उन्मत्त कीचक द्रौपदीच्या मागं लागतो, युधिष्ठिर सबुरीचा सल्ला देतो, भीम त्याला ठार करतो. पण प्रेक्षागृहातल्या प्रत्येकाला कळत होतं की कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, द्रौपदी म्हणजे हिंदुस्थान, युधिष्ठिर म्हणजे मवाळ आणि भीम म्हणजे जहाल. हा विनोद नव्हे, पण यंत्र सोंगाड्याचंच आहे. एकही शब्द सरकारविरुद्ध नाही. कर्झनचं नाव कुठंही नाही. नाटककार केव्हाही म्हणू शकत होता की मी महाभारत सांगतोय.

सरकारची पंचाईत अशी की नाटकावर बंदी घालायची तर आधी कबूल करावं लागणार, की स्त्रीवर हात टाकणारा हा माजलेला खलनायक बघून आम्हाला आमचाच माणूस आठवला. शेवटी १९१० च्या जानेवारीत त्यांनी ते कबूल केलं आणि बंदी घातली. तोवर नाटक जवळजवळ तीन वर्षं गाजत होतं.